विनाकारण होणारी वाहतूक कोंडी संगणकात उभी करताना: सिम्युलेशन शिकू इच्छिणाऱ्यांसाठी मार्गदर्शक

जपानमधील संशोधकांच्या एका गटाने २३० मीटर परिघाच्या वर्तुळाकार मार्गावर २२ गाड्या सोडल्या आणि चालकांना ताशी सुमारे ३० किलोमीटर वेगाने, पुढच्या गाडीपासून सुरक्षित अंतर राखून चालत राहण्यास सांगितले. त्या मार्गावर सिग्नल नव्हता, चौक नव्हता, खड्डा नव्हता आणि अपघातही झाला नाही. तरीही काही वेळाने गाड्यांचा एक पुंजका एकमेकींजवळ येऊन थांबू लागला आणि तो पुंजका गाड्यांच्या उलट दिशेने, ताशी सुमारे २० किलोमीटर वेगाने मागे सरकू लागला. २००८ साली प्रसिद्ध झालेल्या या प्रयोगात कोंडीसाठी कोणत्याही एका चालकाला जबाबदार धरता येत नाही.

अशा व्यवस्थांना जटिल व्यवस्था म्हणतात. घड्याळही गुंतागुंतीचे असते, पण ते उघडून एकेक चक्र तपासले की त्याचे चालणे समजते. रस्त्यावरच्या गाड्या, साथीचा प्रसार किंवा बाजारातील भाव यांचे तसे नसते. तेथे प्रत्येक घटक साधेपणानेच वागत असतो, परंतु घटक सतत एकमेकांना प्रतिसाद देत असल्यामुळे एकटा घटक कितीही बारकाईने पाहिला तरी समूहाचे वागणे त्यातून वाचता येत नाही. म्हणून घटकांचे नियम संगणकाला सांगून त्यांना एकत्र वागू द्यायचे आणि काय उद्भवते ते पाहायचे, हा मार्ग उपयोगी पडतो. या लेखात एकच मॉडेल सुरुवातीपासून शेवटपर्यंत उभारले आहे. ते समजले की साथरोगाचे किंवा जंगलातील वणव्याचे मॉडेलही याच वाटेने उभारता येते. बेरीज-भागाकार आणि थोडीशी प्रोग्रामिंगची ओळख एवढी तयारी पुरेशी आहे.

पहिली पायरी: प्रश्न अरुंद करणे

नवशिक्याची बहुतेक मॉडेले प्रोग्राम लिहिण्यापूर्वीच, प्रश्न ठरवताना फसतात. "मला शहराच्या वाहतुकीचे मॉडेल करायचे आहे" हा प्रश्न नसून केवळ विषय आहे. त्यात काय मोजायचे, कशाची कशाशी तुलना करायची आणि कोणते उत्तर आले तर आपले म्हणणे खोटे ठरेल, यांपैकी काहीच ठरलेले नाही. त्याऐवजी असे विचारावे: रस्त्यावर कोणताही अडथळा नसताना, केवळ चालकांच्या अधूनमधून मंदावण्यामुळे कोंडी तयार होऊ शकते का, आणि होत असेल तर रस्त्यावरील गाड्यांची घनता किती झाल्यावर? या वाक्यात मोजायच्या राशी आहेत, कारण सुचवलेले आहे, आणि "होत नाही" हेही एक शक्य उत्तर आहे.

प्रश्न एका वाक्यात लिहून तो कागद समोर चिकटवून ठेवावा, असे मी शिकणाऱ्यांना सांगतो. पुढे प्रत्येक पायरीवर काहीतरी वाढवण्याचा मोह होतो आणि त्या वेळी हे वाक्यच आपल्याला आवरते.

दुसरी पायरी: काय ठेवायचे आणि काय गाळायचे

काय नि कसे अशा चर्चेत न अडकता या प्रश्नासाठी एक तयार आणि अतिशय काटकसरी मॉडेल घेऊ. काय नागेल आणि मिखाएल श्रेकेनबर्ग या दोन जर्मन संशोधकांनी ते १९९२ साली मांडले. त्यात रस्ता म्हणजे सापशिडीच्या पटासारखी एका ओळीतील घरे. एक घर ७.५ मीटरचे धरतात, कारण कोंडीत उभी असलेली मोटार आणि तिच्या पुढे सुटणारी जागा मिळून साधारण तेवढी लांबी भरते. घर एकतर रिकामे असते किंवा त्यात एकच गाडी असते. गाडीचा वेग म्हणजे ती एका चालीत किती घरे पुढे जाते ती संख्या, आणि एक चाल म्हणजे एक सेकंद. वेग ० ते ५ यांपैकी पूर्णांकच असतो. एक घर प्रतिसेकंद म्हणजे ताशी २७ किलोमीटर, त्यामुळे कमाल वेग ५ म्हणजे ताशी १३५ किलोमीटर होतो. रस्त्याची दोन्ही टोके जोडून वर्तुळ केले की गाड्या कुठून येतात आणि कुठे जातात हा वेगळा प्रश्न उरत नाही, आणि गाड्यांची संख्या कायम राहते.

प्रत्येक चालीत प्रत्येक गाडी चार नियम याच क्रमाने पाळते. आधी, वेग कमाल मर्यादेपेक्षा कमी असेल तर तो एकने वाढवते. मग, पुढे जितकी मोकळी घरे आहेत त्यांपेक्षा वेग जास्त झाला असेल तर तो तेवढ्यावर आणते. त्यानंतर, वेग शून्य नसेल तर ठरावीक शक्यतेने, समजा दहांतून तीन वेळा, काहीही कारण नसताना तो एकने कमी करते. शेवटी उरलेल्या वेगाइतकी घरे पुढे सरकते.

तिसरा नियम या मॉडेलचा प्राण आहे. चालकाचे लक्ष क्षणभर विचलित होणे, गरजेपेक्षा जास्त जोरात ब्रेक दाबणे, निघताना उशीर करणे या सगळ्या मानवी गोष्टी त्या एका आकड्यात कोंबलेल्या आहेत. हा आकडा आपण येथून पुढे "मंदावण्याची शक्यता" म्हणून ओळखू. नियमांचा क्रमही महत्त्वाचा आहे: मंदावणे ब्रेकच्या आधी घेतले, तर पुढची गाडी पाहून आधीच मंदावलेला चालक त्याहून अधिक मंदावणार नाही, आणि कोंडीचे बी जेथे रुजते तो गरजेपेक्षा जास्त ब्रेक मॉडेलमधून नाहीसा होईल.

काय गाळले तेही आताच लिहून ठेवावे. ओव्हरटेक नाही, मार्गिका एकच, सर्व गाड्या सारख्या, चढ-उतार नाही, चालकाला फक्त एकच पुढची गाडी दिसते. ही यादी लाजण्यासारखी नाही. आपल्या प्रश्नाला या गोष्टींची गरज आहे असे जोवर दिसत नाही, तोवर त्या बाहेरच बऱ्या.

तिसरी पायरी: संगणकाआधी कागद

ही पायरी सर्वांना वगळावीशी वाटते आणि जवळजवळ सर्वांनाच नंतर तिच्याकडे परत यावे लागते. १२ घरांचा वर्तुळाकार रस्ता घ्या, कमाल वेग २ धरा आणि क, ख, ग, घ या चार गाड्या समान अंतरावर ठेवा. सर्वांचा वेग २ आहे आणि प्रत्येकीच्या पुढे दोन घरे मोकळी आहेत. गाड्या उजवीकडे जातात, आणि उजव्या टोकाची गाडी पुन्हा डाव्या टोकाने आत येते. आता फक्त पहिल्या चालीत ग गाडी विनाकारण एकने मंदावते. त्यानंतर कोणीही विनाकारण मंदावत नाही.

आरंभ: क – – ख – – ग – – घ – –
चाल १: – – क – – ख – ग – – – घ
चाल २: – घ – – क – ख – – ग – –
चाल ३: – – – घ – क – – ख – – ग
चाल ४: – ग – – घ – – क – – ख –

पहिल्या चालीत ग एकच घर पुढे गेली. दुसऱ्या चालीत तिच्या मागची ख अडकली आणि तीही एकच घर गेली. तिसऱ्या चालीत क अडकली, चौथ्या चालीत घ. चौथ्या चालीनंतर सर्व अंतरे पुन्हा समान झाली, कारण ग ने मंदावताना स्वतःच्या पुढे एक जास्तीचे घर मोकळे सोडले होते आणि तो धक्का वर्तुळ पूर्ण करून त्या मोकळ्या जागेत विरला. घरांना डावीकडून ० पासून क्रमांक दिले तर मंदावणाऱ्या गाड्या अनुक्रमे ६, ५, ४ आणि ३ क्रमांकाच्या घरांत होत्या. म्हणजे गाड्या पुढे जात असताना मंदपणा मात्र दर सेकंदाला एक घर मागे सरकत होता. जपानी प्रयोगातील पुंजका मागे का सरकत होता, याचे उत्तर पेन्सिलीने पाच ओळींत मिळाले.

हातानेच पुढे जायचे असेल तर नाणेफेक करून तिसरा नियम सर्वांना लावून पाहावा. थॉमस शेलिंग या अर्थशास्त्रज्ञाचे वस्त्यांच्या विभाजनाचे प्रसिद्ध मॉडेल पटावर नाणी सरकवूनच आकाराला आले होते, तेव्हा या पद्धतीला कमी लेखण्याचे कारण नाही.

चौथी पायरी: साधन

येथे फार वेळ घालवू नये. प्रोग्रामिंग अजिबात येत नसेल तर नेटलोगो घ्यावे. युरी विलेन्स्की यांनी १९९९ साली तयार केलेले हे मोफत साधन ब्राउझरमध्येही चालते आणि त्याच्या तयार नमुन्यांत वाहतुकीचेही नमुने आहेत. पायथन येत असेल तर साधी यादी आणि एक लूप पुरेसे आहे. मेसा नावाचे तयार पायथन ग्रंथालय पुढे, मॉडेल मोठे झाल्यावर, कामी येते. खऱ्या शहराच्या नकाशावर काम करायचे असेल तर जर्मन अंतराळ संशोधन संस्थेने विकसित केलेले सुमो हे मुक्त सॉफ्टवेअर आहे, पण पहिल्या महिन्यात ते उघडूच नये असे माझे मत आहे. तयार साधनात रस्ता दिसायला इतका खरा दिसतो, की आत कोणते नियम चालू आहेत हे विचारण्याचे भान राहत नाही.

पाचवी पायरी: प्रोग्राम लिहिताना

गाड्यांची स्थाने आणि वेग अशा दोन याद्या ठेवाव्यात. मोकळी घरे मोजताना पुढच्या गाडीच्या स्थानातून आपले स्थान आणि एक वजा करावे आणि रस्त्याच्या लांबीने भागून बाकी घ्यावी, म्हणजे वर्तुळाचा सांधा आपोआप जमतो. पायथनमध्ये ही बाकी नेहमी धन येते. सी भाषेत मात्र ऋण संख्येची बाकी ऋण येऊ शकते आणि गाडी सांध्याशी पोचताच विचित्र वागू लागते.

सर्वांत महत्त्वाची गोष्ट म्हणजे चाल सर्वांनी एकाच वेळी करायची असते. आधी सर्व गाड्यांचे नवे वेग जुन्या स्थानांवरून काढावेत आणि मगच सर्व गाड्या हलवाव्यात. माझ्या पहिल्या प्रोग्राममध्ये मी एकेक गाडी पुढून मागे घेत होतो आणि तिचा वेग काढून तिला लगेच हलवत होतो. पडद्यावर सगळे सुरळीत दिसत होते, फक्त थांबलेली रांग सुटताना आगगाडीच्या डब्यांसारखी एकदम हलत होती. पुढची गाडी हललेली असल्याने मागच्या गाडीला त्याच सेकंदात जागा मोकळी दिसत होती, म्हणजे माझ्या चालकांना प्रतिसादासाठी वेळच लागत नव्हता. कोंडी विरायला लागणारा वेळ मोजण्यासाठी केलेल्या मॉडेलमधून मी तो वेळच काढून टाकला होता, आणि हे माझ्या लक्षात यायला दोन दिवस गेले.

तिसऱ्या नियमासाठी संगणक यादृच्छिक संख्या देतो. त्या खरोखरच्या यादृच्छिक नसून एका आरंभीच्या संख्येवरून, म्हणजे बीजांकावरून, हिशेबाने काढलेल्या असतात. बीजांक स्वतः ठरवून द्यावा आणि प्रत्येक निकालासोबत त्याची नोंद करावी. तोच बीजांक दिला की तीच कोंडी पुन्हा त्याच ठिकाणी उभी राहते, आणि चूक शोधताना याचा फार उपयोग होतो.

सहावी पायरी: प्रोग्रामची पडताळणी

प्रोग्राम चालला याचा अर्थ तो आपल्याला हवे ते करतो असा होत नाही. काही कसोट्या कोणत्याही मॉडेलला लागू पडतात: गाड्यांची संख्या बदलता कामा नये, एका घरात दोन गाड्या येता कामा नयेत, आणि ओव्हरटेक नसल्यामुळे गाड्यांचा क्रम बदलता कामा नये. प्रत्येक चालीनंतर या तिन्ही गोष्टी प्रोग्रामनेच तपासाव्यात आणि कोणतीही मोडली तर तेथेच थांबावे. वर कागदावर केलेली चार गाड्यांची उदाहरणमालाही प्रोग्रामला द्यावी आणि पाचही ओळी तंतोतंत जुळतात का पाहावे.

त्यानंतर ज्यांचे उत्तर गणिताने आधीच माहीत आहे अशा परिस्थिती घ्याव्यात. नागेल-श्रेकेनबर्ग मॉडेल शिकण्यासाठी निवडण्याचे एक मोठे कारण म्हणजे अशा परिस्थिती येथे भरपूर आहेत. रस्त्यावर एकच गाडी असेल आणि मंदावण्याची शक्यता ०.३ असेल, तर तिचा सरासरी वेग ५ वजा ०.३, म्हणजे ४.७ घरे प्रतिसेकंद यायला हवा. ताशी सुमारे १२७ किलोमीटर. मंदावण्याची शक्यता शून्य केली तर १००० घरांच्या रस्त्यावर १०० गाड्या सोडून काही वेळाने प्रत्येक गाडी ५ वेगाने धावायला हवी, आणि ५०० गाड्या सोडल्या तर सरासरी वेग बरोबर १ यायला हवा. येथे एक गंमत आहे. प्रवाह, म्हणजे रस्त्याच्या एका ठिकाणाहून दर सेकंदाला जाणाऱ्या गाड्या, हा घनता आणि सरासरी वेग यांचा गुणाकार असतो. तो दोन्ही वेळा ०.५ च येतो: एकदा दर घरामागे ०.१ गाडी आणि ५ वेग, एकदा ०.५ गाडी आणि १ वेग. मोकळा रस्ता आणि तुंबलेला रस्ता यांत केवळ गाड्या मोजून फरक कळत नाही, हे या कसोटीतून फुकटात शिकायला मिळते.

आणखी एक कसोटी अवघड पण उपयुक्त आहे. कमाल वेग १ केला तर या मॉडेलचे अचूक गणिती उत्तर उपलब्ध आहे. अर्धा रस्ता भरलेला असताना आणि मंदावण्याची शक्यता ०.५ असताना प्रवाह सुमारे ०.१४६ यायला हवा. एकेक गाडी हलवणारा माझा तो पहिला प्रोग्राम या कसोटीत लगेच पकडला गेला असता.

सातवी पायरी: प्रयोग

आता खरा प्रश्न विचारायचा. १००० घरांचा, म्हणजे साडेसात किलोमीटरचा वर्तुळाकार रस्ता घ्यावा, मंदावण्याची शक्यता ०.३ ठेवावी आणि गाड्यांची घनता थोडी थोडी वाढवत प्रत्येक वेळी प्रवाह मोजावा.

मोजणीला लगेच सुरुवात करू नये. आरंभी गाड्या आपण जशा मांडल्या त्याचा ठसा काही काळ राहतो आणि तो विरून गेल्यावरच मॉडेलचे स्वतःचे वागणे दिसते. मूळ शोधनिबंधात रस्त्यावरील घरांच्या दहापट चाली सोडून दिल्या आहेत. आपल्या रस्त्यासाठी त्या १०,००० होतात. हा नियम डोळे मिटून पाळण्याऐवजी सरासरी वेगाचा चालींनुसार आलेख काढावा आणि तो कोठे स्थिरावतो ते पाहून ठरवावे. समान अंतरावर मांडलेल्या आणि एकाच ठिकाणी दाटीने मांडलेल्या अशा दोन्ही आरंभांपासून सुरुवात करून उत्तर एकच येते का, हेही तपासावे. येत नसेल तर एकतर आपण पुरेसे थांबलो नाही, किंवा त्या घनतेला व्यवस्था खरोखरच दोन अवस्थांत राहू शकते. थांबलेल्या गाडीला निघायला जास्त उशीर लागतो असा बदल केलेल्या मॉडेलांत ही दुसरी शक्यता प्रत्यक्षात दिसते.

एका घनतेसाठी एकदाच चालवून आकडा लिहू नये. वेगवेगळ्या बीजांकांनी किमान दहा, जमल्यास तीस वेळा चालवावे आणि सरासरीबरोबर विखुरणेही नोंदवावे. जेथे विखुरणे अचानक वाढते ते ठिकाण बहुधा सर्वांत रोचक असते, कारण तेथे कधी कोंडी होते आणि कधी होत नाही. घनतेच्या पायऱ्याही सगळीकडे सारख्या ठेवण्याची गरज नाही. दर घरामागे ०.०५ ते ०.२ या पट्ट्यात बारीक पायऱ्या घ्याव्यात. त्यापुढे मोठ्या चालतात.

आडव्या अक्षावर घनता आणि उभ्या अक्षावर प्रवाह घेऊन आलेख काढला की तो आधी सरळ वर चढतो, एका शिखरापाशी वळतो आणि मग उतरत जातो. मंदावण्याची शक्यता शून्य असताना शिखर बरोबर एकषष्ठांश घनतेला, म्हणजे किलोमीटरमागे सुमारे २२ गाड्यांना येते आणि तेथे ताशी ३००० गाड्या जातात. शक्यता वाढवली की शिखर खाली येते आणि कमी घनतेकडे सरकते. रस्ता तोच, गाड्या त्याच. केवळ चालकांचे अधूनमधून मंदावणे रस्त्याची क्षमता घटवते. आपल्या अरुंद प्रश्नाचे हेच उत्तर.

या आलेखाइतकेच दुसरे चित्रही काढावे. प्रत्येक चालीला रस्त्याची एक ओळ छापावी, गाडी असेल तेथे ठिपका, आणि ओळी एकीखाली एक रचाव्यात. घनता पुरेशी असेल तर ठिपक्यांचे गडद पट्टे गाड्यांच्या उलट दिशेला तिरपे जाताना दिसतात. कोंडीच्या तोंडाशी उभी असलेली गाडी दर सेकंदाला मंदावण्याची शक्यता वजा करून उरलेल्या शक्यतेने निघते, म्हणून शक्यता ०.३ असताना ते तोंड ०.७ घर प्रतिसेकंद, ताशी सुमारे १९ किलोमीटर वेगाने मागे जाते. जपानी प्रयोगातील ताशी २० किलोमीटरच्या अगदी जवळ. येथे कोणालाही आनंद होतो, आणि पुढची पायरी त्याच आनंदासाठी लिहिली आहे.

आठवी पायरी: वास्तवाशी ताडून पाहणे

आकडा जुळला म्हणजे कारण जुळले असे मानण्याचा मोह किती जुना आहे, याचे एक उदाहरण मुंबईचे आहे. साथरोगांच्या मॉडेलांचा पाया समजला जाणारा शोधनिबंध विल्यम कर्मॅक आणि अँडरसन मॅकेंड्रिक यांनी १९२७ साली प्रसिद्ध केला. मॅकेंड्रिक यांनी इंडियन मेडिकल सर्व्हिसमध्ये नोकरी केली होती. निबंधातील समीकरणांची चुणूक दाखवण्यासाठी त्यांनी १७ डिसेंबर १९०५ ते २१ जुलै १९०६ या काळात मुंबई बेटावर प्लेगने दर आठवड्याला झालेल्या मृत्यूंचे आकडे घेतले. घंटेच्या आकाराची त्यांची वक्ररेषा त्या आकड्यांवरून इतकी सुरेख जाते, की तो आलेख पुढे असंख्य पाठ्यपुस्तकांत छापला गेला.

परंतु ते मॉडेल माणसाकडून माणसाला थेट होणाऱ्या रोगाचे आणि काळानुसार न बदलणाऱ्या संसर्गदराचे आहे. मुंबईतला प्लेग प्रामुख्याने उंदरांच्या पिसवांमार्फत पसरत होता आणि तो वर्षानुवर्षे साधारण त्याच ऋतूत उसळून पुन्हा ओसरत होता. म्हणजे साथ ओसरली ती बाधा होण्याजोगी माणसे संपत आल्यामुळे, असे मॉडेल सांगते. प्रत्यक्षात ऋतू, पिसवा आणि उंदीर यांचा त्यात मोठा वाटा होता. लेखकांनाही याची जाणीव होती. माणसांमधील प्लेग हे उंदरांमधील प्लेगचे प्रतिबिंब आहे, असे त्यांनी तेथेच नमूद केले आहे. आलेख पुढे छापत राहिलेल्यांनी मात्र ती टीप मागे सोडली. एक चढ आणि एक उतार असलेली वक्ररेषा अनेक वेगवेगळ्या कारणांनी तयार होऊ शकते, त्यामुळे ती जुळणे हा दुबळा पुरावा असतो.

म्हणून आपल्या वाहतुकीच्या मॉडेलला एकाऐवजी अनेक बाजूंनी ताडून पाहावे. मंदावण्याची शक्यता ०.३ आपण कोठून आणली? कोंडीचा मागे जाण्याचा वेग जुळावा म्हणूनच ती निवडली असेल, तर तो वेग जुळला हा पुरावा राहत नाही. एका निरीक्षणावरून आकडा ठरवावा आणि वेगळ्याच निरीक्षणाने, उदाहरणार्थ महामार्गावर मोजलेल्या कमाल प्रवाहाने, त्याची परीक्षा घ्यावी. मग तो आकडा थोडा वरखाली करून निष्कर्ष टिकतो का ते पाहावे. "अडथळ्याविना कोंडी होऊ शकते" हा निष्कर्ष ०.१ लाही टिकतो आणि ०.५ लाही टिकतो, म्हणून तो भरवशाचा आहे. "अमुक रस्त्यावर किलोमीटरमागे इतक्या गाड्या झाल्या की कोंडी होईल" हा निष्कर्ष त्या आकड्याबरोबर हलतो, म्हणून तो या मॉडेलच्या जोरावर कोणालाही सांगू नये.

नववी पायरी: आपल्या रस्त्यांकडे वळताना

हे मॉडेल जर्मनीत, मार्गिका पाळणाऱ्या मोटारींसाठी जन्मले. पुण्यातील एखाद्या चौकात सिग्नल लाल होताच दुचाक्या मोटारींच्या फटींतून पुढे येऊन रांगेचे तोंडच बदलून टाकतात. तेथे "पुढची गाडी" कोणती हाच प्रश्न पडतो, आणि ७.५ मीटरच्या घरात एक दुचाकी ठेवली तर रस्ता निम्म्याहून अधिक हवेनेच भरतो. अशा मिश्र वाहतुकीसाठी संशोधक घरे बरीच लहान करतात, रस्त्याला रुंदीही देतात आणि प्रत्येक वाहनाला त्याच्या आकाराप्रमाणे अनेक घरे व्यापू देतात. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर मार्गिका आहेत, पण बोरघाटाच्या चढावर भरलेला ट्रक आणि रिकामी मोटार यांचा कमाल वेग एक धरता येत नाही.

या सगळ्या गोष्टी मॉडेलमध्ये आणता येतात, मात्र एका वेळी एकच आणावी. आधी दोन प्रकारच्या गाड्या, एकीचा कमाल वेग ५ आणि दुसरीचा ३. ओव्हरटेक नसल्याने एका ट्रकमागे साडेसात किलोमीटरची अख्खी मिरवणूक तयार झालेली दिसेल. मग दुसरी मार्गिका. प्रत्येक भर घातल्यावर सहाव्या पायरीच्या कसोट्या पुन्हा लावाव्यात आणि ट्रकांची संख्या शून्य केली असता जुनेच आकडे परत येतात का ते पाहावे. पाच गोष्टी एकदम घालून आलेला निकाल कितीही खराखुरा दिसला, तरी त्याचे श्रेय पाचांपैकी कोणाला द्यायचे हे नंतर सांगता येत नाही.

दहावी पायरी: दुसऱ्याला पुन्हा करता येईल असे लिहिणे

परिस्थितिकीच्या अभ्यासकांनी २००६ साली अशा मॉडेलांच्या वर्णनासाठी एक ठरावीक आराखडा सुचवला. तो ओडीडी या नावाने ओळखला जातो आणि आता इतर क्षेत्रांतही वापरतात. त्याचा गाभा असा की आधी मॉडेलचा हेतू, त्यातील घटक व त्यांच्या राशी, आणि एका चालीत काय कोणत्या क्रमाने घडते हे सांगावे. मग मॉडेलमागील संकल्पना, यादृच्छिकता कोठे आहे तेही त्यातच. आणि शेवटी आरंभीची मांडणी, बाहेरून घेतलेली माहिती आणि प्रत्येक नियमाचा तपशील द्यावा. आपले मॉडेल एवढ्या वर्णनासह दोन पानांत मावते. सोबत प्रोग्राम, वापरलेले बीजांक, सोडून दिलेल्या चालींची संख्या आणि साधनाची आवृत्ती द्यावी. निकालाच्या फाइलच्या नावातच घनता आणि बीजांक लिहिण्याची सवय लावली, तर तीन महिन्यांनी एखादा आलेख पाहून "हा कशाचा" असे स्वतःलाच विचारावे लागत नाही.

वर्णन पूर्ण झाले का, हे पाहण्याचा एक उपाय माझ्या अनुभवात कधी चुकलेला नाही. प्रोग्राम न दाखवता केवळ ती दोन पाने एखाद्या मित्राला द्यावीत आणि त्यावरून त्याला स्वतःचा प्रोग्राम लिहायला सांगावे. तो जेथे थांबून विचारायला येईल तेथे वर्णनात भोक आहे असे समजून ते बुजवावे. बहुतेक वेळा त्याचा पहिला प्रश्न असतो की गाड्या सगळ्या एकदम हलवायच्या की एकेक करून.